बनसोडे सरांचा चौथा भाग

बनसोडे सरांनी कुणाच्या चित्राला 'छान' म्हटलेलं मी कधी ऐकलं नाही. पोरगं कागद घेऊन पुढं आलं की सर तो हातभर लांब धरायचे, मान तिरकी करायचे आणि म्हणायचे, "चालतंय का बघू." नव्या पोराला वाटायचं, आपलं चित्र पास की नापास ते सर बघतायत. सरांच्या मनात मात्र सरळ अर्थ असायचा. बैल काढला असेल तर तो पुढचा पाय उचलील का, बाई काढली असेल तर डोईवरची घागर सावरत ती दोन पावलं टाकील का. टाकील असं वाटलं तर ते कागद परत देत. नाही वाटलं तरी परतच देत, फक्त जरा सावकाश.

लिंबाजी बनसोडे आमच्या शाळेत चित्रकला शिकवत. तामलवाडीच्या फाट्यावर एसटीतून उतरून आत चालत गेलं की आमचं गाव लागायचं. मी तिथं मराठी शिकवायला होतो. घर तुळजापूरला, त्यामुळं शनिवारी दुपारी मी निघून जायचो. सर गावातलेच, बौद्धवस्तीत राहणारे. उंच, किडकिडीत माणूस. हसले तरी ओठ मिटलेलेच. शर्टाच्या खिशात एक चाकू आणि पेन्सिलींचे थोटके असायचे. पोरांच्या पेन्सिलींना टोक ते स्वतः काढून द्यायचे, कारण यंत्रानं टोक केलं की पेन्सिल अर्धी केरात जाते, असं त्यांचं म्हणणं.

शिक्षकांच्या खोलीत चहा यायचा तेव्हा सर पिशवीतून आपला पितळी पेला काढत. ते नवीन लागले त्या काळात त्यांच्यासाठी वेगळा कप ठेवलेला असायचा म्हणे. सर दुसऱ्या दिवशी घरून पेला घेऊन आले. पुढं माणसं बदलली, सगळे कप एकत्र विसळले जाऊ लागले, तरी पेला तोच राहिला. मी एकदा म्हटलं, "सर, आता कशाला तो बाळगता?" ते म्हणाले, "आता कप धरायची सवय न्हाय, गुरुजी. चटका बसतो."

एका वार्षिक परीक्षेला आम्हा दोघांना एकाच वर्गावर नेमलं होतं. उरलेल्या कोऱ्या पुरवण्यांचा गठ्ठा सरांच्या पुढ्यात होता. त्यांनी तो माझ्यापुढं धरला आणि अंगठ्यानं कोपरे सोडत नेले. कोपऱ्यात पेन्सिलीनं काढून ठेवलेली चिमणी उठली, दोनदा पंख मारले आणि कागदाबाहेर गेली.

"हे कुठं शिकलात?"

"कुठं न्हाय. रसूलभाईच्या तंबूतनं सिनेमाची तुटलेली पट्टी आणली व्हती एकदा. उजेडाला धरून बघितली. सगळी चित्रं थांबलेलीच असत्यात, गुरुजी. आपुनच पळवतो त्यास्नी."

रसूलभाईचा टुरिंग टॉकीजचा तंबू अणदूरच्या खंडोबाच्या जत्रेला यायचा आणि मग आसपासच्या गावांतून फिरायचा. मध्ये कनात लावून एका बाजूला बाया, एका बाजूला बाप्ये. रसूलभाईकडं देवादिकांचे सिनेमे असत, मारामारीचे असत, पण गर्दी व्हायची ती फिरोजच्या सिनेमाला. फिरोज हा एक उडता घोडा होता. त्याचे तीन भाग येऊन गेले होते, आणि प्रत्येक भाग लोकांनी इतक्यांदा पाहिला होता की हिंदी न कळणाऱ्या म्हाताऱ्यांनाही संवाद पाठ होते. आमच्या गावात तीन बैलांचं नाव फिरोज होतं. तिसऱ्या भागाच्या शेवटी जादूगार फिरोजला दगड करून टाकतो, राजकन्या त्या दगडाला टेकून बसते आणि पडद्यावर अक्षरं येतात, की पुढची कहाणी पुढच्या भागात.

पुढचा भाग आलाच नाही. रसूलभाई म्हणायचा, "नै आता मास्तर. बनानेवालाच डूब गया."

बहात्तरच्या दुष्काळात गावाच्या वरच्या अंगाला पाझर तलावाचं काम निघालं. सगळं गाव माती वाहायला आणि खडी फोडायला तिथं. शाळेत पोरं उरली नाहीत, म्हणून आम्हा शिक्षकांना कामावरच्या मुलांना सुकडीचा सरकारी खाऊ वाटायला लावलं. मजुरांनी रात्री पळून जाऊ नये म्हणून असेल किंवा खरंच कुणाला दया आली असेल, पण रसूलभाईला तंबू तिथं लावायची परवानगी मिळाली. त्यानं तिसरा भाग लावला. दुसऱ्या दिवशी सुकडीच्या रांगेत सोजर नावाची एक मुलगी सरांसमोर ताटली धरून थांबली. नऊ-दहा वर्षांची असेल. केस मातीनं भुरे झालेले, हाताला फोड. ती आमच्याच शाळेत होती.

"सर, फिरोज उठतो का न्हाय पुढं?"

"उठतो."

"तुमी बघितलाय?"

सरांनी वाढायचा डाव तसाच हातात धरला. मागची पोरं ढकलू लागली. "न्हाय बघितला," ते म्हणाले, "पर उठतो. दिवाळीला दावतो तुला."

मला वाटलं, पोरीला वाटेला लावायला बोलले. पण त्याच संध्याकाळी ते रसूलभाईकडं गेले आणि खराब झालेल्या जुन्या रिळांचं एक पोतं सायकलला बांधून घेऊन आले. धुण्याच्या सोड्याच्या गरम पाण्यात ती पट्टी भिजवली की वरचं चित्र सुटतं आणि खाली काचेसारखी कोरी पट्टी उरते. तिच्यावर टपालाच्या तिकिटाएवढ्या चौकटीत एकेक चित्र काढायचं, पुढच्या चौकटीत तेच चित्र केसभर हलवायचं. कॅमेरा लागत नाही. फक्त पडद्यावरच्या एका सेकंदाला चोवीस चित्रं लागतात.

मी विचारलं, "सर, तुमच्या घरी दिवाळी करत नाहीत ना?"

"न्हाय. बाबांनी छप्पन साली सोडली."

"मग दिवाळीचंच का कबूल केलंत?"

"पोरास्नी सुट्टी तवा असती," ते म्हणाले.

पण पट्टी धुवायला पाणी लागतं. तेव्हा टँकर आधी चावडीपुढं थांबायचा आणि वस्तीत पोचेपर्यंत त्याच्या तळाला उरलेलं तेवढंच मिळायचं. मी एका रविवारी थांबलो होतो, म्हणून त्यांच्या घरी गेलो. अंगणात चुलीवर पातेलं होतं, सर पट्टी उलगडत होते. त्यांची बायको शांताबाई टँकरवरून अर्धी घागर घेऊन आल्या. पातेल्यात वाकून पाहिलं. त्यांनी पातेलं चुलीवरून उतरवलं आणि भिंतीच्या कडेला नेऊन ठेवलं.

"ह्येच्यात माझ्या लेकरांची एक दिसाची तहान हाय," त्या म्हणाल्या. "तुमच्या घोड्याला सांगा, पाऊस पडल्यावर ऊठ म्हणावं."

सरांनी पट्टी गुंडाळली, जुन्या धोतरात बांधली आणि आढ्याला टांगून ठेवली. शांताबाईंशी त्यांनी वाद घातला नाही, आणि मला पुढं कधी त्यांचं गाऱ्हाणंही सांगितलं नाही. त्या दिवाळीला फिरोज उठला नाही. दिवाळीच्या आधीच सोजरचे आई-बाप तिला घेऊन पुण्याकडं कामाला निघून गेले होते.

"ती पोरगी तर गेली," मी म्हटलं.

"येईल की. तिची आजी हितंच हाय."

पुढच्या वर्षी पाऊस झाला. सर कामाला बसले. चित्रकलेच्या खोलीतली खिडकीजवळची जागा, घड्याळजीचं भिंग, बारीक टाक, आणि दिव्याच्या काजळीत बाभळीचा डिंक घालून केलेली शाई. मधल्या सुट्टीत, रविवारी, उन्हाळ्याच्या सुट्टीत, केव्हाही जावं तर सर वाकलेले. मुख्याध्यापक म्हणायचे, "बनसोडे, एवढ्या वेळात दोन पोरं एलिमेंटरीला बसवली असती." सर पोरंही बसवत होते. त्यात त्यांनी कधी कसूर केली नाही.

दोनेक वर्षांनी एकदा ते माझ्याबरोबर तुळजापूरला आले. मी घरी जेवायला चला म्हणत होतो, पण टांग्याच्या अड्ड्यावर एक घोडा झाडाखाली आडवा पडलेला त्यांना दिसला आणि ते तिथंच बसले. मी घरी जाऊन, जेवून परत आलो तरी बसलेलेच. शेवटी तो घोडा उठला. सरांचा चेहरा उतरला.

"काय झालं?"

"घोडा आधी पुढचे पाय टाकतो, गुरुजी. मागनं ढुंगण उचलतो. बैलाचं उलटं असतं. म्या त्याला बैल उठल्यागत उठवलाय."

"कुणाला कळणार आहे, सर? दोन क्षणांचं काम."

"गावात समद्यास्नी बैल ठावं हायत," ते म्हणाले. "त्यास्नीच कळंल."

दीड वर्षाची चित्रं त्यांनी पुन्हा सोड्याच्या पाण्यात घातली. काजळी सुटून पाणी काळं झालं ते मी पाहिलं. त्या दिवशी मात्र शांताबाई स्वतः दुसरी घागर घेऊन आल्या आणि त्यांनी ती पातेल्याजवळ ठेवली.

तोवर जिल्ह्याचे दिवस बदलत चालले होते. आमच्या भागात सहकारी साखर कारखाना निघाला, त्याची चिमणी उभी राहिली, माळावर डांबरी रस्ता आला. चेअरमन जीपमधून फिरू लागले. गावातली जमीन मात्र होती तशीच होती, आणि दसरा झाला की निम्मं गाव ऊसतोडीला जाऊ लागलं. सोजरचं कुटुंब पुण्याहून परत आलं, पण तिचं लग्न लगेच करून दिलं आणि तीही नवऱ्याबरोबर टोळीत जायला लागली. सरांच्या हे ध्यानात यायला उशीर झाला. दिवाळीत पोरांना सुट्टी असते हे खरं, पण दिवाळीत गावात पोरंच नसत.

तरी ज्या वर्षी काम पुरं झालं, त्या वर्षी त्यांनी दिवाळीच धरली. "शब्द दिवाळीचा हाय," एवढंच म्हणाले. रसूलभाईचा तंबू कारखान्याच्या रस्त्याला लागला होता. त्यानं पहिल्या खेळाच्या आधी सरांची पट्टी लावायचं कबूल केलं. गर्दी बरी होती, पण बहुतेक माणसं नवी, कारखान्याची. चेअरमन पाहुणे घेऊन आले होते, त्यांना पुढं खुर्च्या टाकल्या होत्या. सर मशीनजवळ उभे राहिले. मी त्यांच्या शेजारी.

आवाज काहीच नव्हता, नुसती मशीनची घरघर. पडद्यावर काळ्या रेघांचा दगड आला. टेकून बसलेली राजकन्या आली. रेघा थरथरत होत्या, जणू थंडी वाजत होती. दगडाला एक डोळा उघडला. मग कान हलला. मग पुढचा एक पाय मातीतून सुटला, दुसरा सुटला, आणि मागचा सगळा भार उचलत घोडा उभा राहिला. त्यानं अंग झाडलं. अंगावरची खडी चहूकडं उडाली. राजकन्या उठली आणि ती दोघं पडद्याच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत चालत गेली. संपलं. दोन मिनिटंसुद्धा झाली नसतील.

"उडंना का रं?" पुढून कुणीतरी ओरडलं. शिट्ट्या झाल्या. "मेन पिक्चर लावा."

सर हलक्या आवाजात मला म्हणाले, "इतकी वर्सं पडून ऱ्हायल्यावर आधी चालंलच की."

बायांच्या बाजूनं सोजरची आजी, गोजराबाई, कनात उचलून आमच्याकडं आली. म्हातारी वाकलेली होती. तिनं सरांच्या हाताला हात लावला. "उठला बग मास्तर," ती म्हणाली. "पोरगी आली म्हंजी सांगते तिला. लई इचारायची." सरांनी ओठ न मिटता हसलेलं मी त्या एकाच वेळी पाहिलं. खालचे दोन दात नव्हते त्यांना. मला माहीतच नव्हतं.

खेळ संपल्यावर चेअरमननी त्यांना बोलावून घेतलं. "बनसोडे, नामी काम केलंस. ही पट्टी आमच्याकडं दे. मुंबईला पाठवून चार प्रती काढतो, आवाज घालतो. गाळपाच्या समारंभाला मंत्र्यांपुढं दाखवू."

सर म्हणाले, "साहेब, येकच हाय."

"म्हणून तर म्हणतो. येकाच्या चार करून देतो."

मुख्याध्यापक शेजारीच होते. "द्या हो बनसोडे. शाळेचं नाव होईल." सरांनी पट्टीचा डबा दिला. चेअरमनच्या माणसानं तो जीपमध्ये मागच्या बाजूला, नारळांच्या पोत्यावर टाकला.

गाळप सुरू झालं, मंत्री येऊन गेले. पट्टी दाखवली नाही. सर म्हणाले, मुंबईहून आली नसेल. चैत्रात टोळ्या परतल्या. एका सकाळी सोजर शाळेत आली. काखेत मूल होतं, अंगानं वाळली होती, आणि उसाच्या पाचटानं दोन्ही हात कातरलेले. गोजराबाई माघ महिन्यातच गेली होती. सोजर तिच्या मातीलाही पोचली नव्हती.

"चुलतीनं निरोप सांगितला," ती दारातच उभी राहून म्हणाली. "आजी जाताना म्हनली, फिरोज उठला, सरांकडं जाऊन बघ. मला बघायचाय सर."

"बघशील," सर म्हणाले. "दोन-चार दिसात आणतो."

त्यानंतर सर कारखान्यावर जायला लागले. शाळा सुटली की सायकल काढायची, चेअरमनच्या ऑफिसाबाहेर बाकड्यावर बसायचं. साहेब मीटिंगला गेलेत. साहेब उस्मानाबादला गेलेत. साहेब आहेत, पण आज भेटायचे नाहीत. सोजर शाळेवरून जाता-येता विचारायची, आणि सर सांगायचे, उद्या. असा महिना गेला असेल. एके दिवशी मीही बरोबर गेलो. ऑफिसातला एक तरुण कारकून आमच्याकडं बघून जरा वेळ आठवत राहिला.

"ती सिनेमाची पट्टी व्हय? ती साहेबांच्या बागंत गेली असंल. तिकडनं जुन्या पट्ट्या मागत होते."

चेअरमनची द्राक्षबाग कारखान्याच्या मागं होती. विहिरीवर इंजिन चालू होतं, पाटातून पाणी वाहत होतं. द्राक्षं उतरवून झाली होती. वेलांच्या मांडवावर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पट्ट्यांचे हातहातभर तुकडे बांधलेले होते आणि ते वाऱ्यावर खळखळ वाजत होते. माळी पुढं आला. भला माणूस होता.

"द्राक्षाला पाखरांचा लई तरास, मास्तर. ह्ये बांधल्यापास्नं येक पाखरू फिरकलं न्हाय."

सरांनी हात वर करून एक तुकडा धरला आणि उजेडाकडं केला. मीही पाहिलं. औषधाच्या फवारणीनं काजळी धुऊन गेली होती. पट्टीवर मोरचुदाचे निळसर डाग होते, बाकी ती कोरी होती. त्यांनी दुसरा धरला, तिसरा धरला. एका तुकड्यावर एक रेघ होती. ती पायाची होती की जमिनीची ते ओळखता आलं नाही.

मी म्हटलं, "सोडून घेऊ, सर. सगळे तुकडे नेऊ."

"कशापायी? आता ह्ये चालत न्हाय, गुरुजी."

माळ्यानं आम्हाला पाणी दिलं. विहिरीचं, गार होतं. सर प्यायले, तांब्या परत दिला आणि त्याला म्हणाले, "पाखरं भेत्यात न्हवं, मग असू द्या."

सोजरला त्यांनी काय सांगितलं ते मी ऐकलं, कारण ती दुसऱ्याच दिवशी आली. सरांनी सरळ सांगितलं की पट्टी राहिली नाही. मूल कुरकुर करत होतं, त्याला तिनं दुसऱ्या काखेत घेतलं.

"मग सांगा तरी, सर. कसा उठला?"

सरांनी खडू घेतला आणि फळ्याकडं वळले. एक रेघ ओढली. तिथंच थांबले. मग तोंडानं सांगू लागले, "आधी डोळा उघडतो. मग..." आणि पुढं त्यांना सांगता येईना. इतकी वर्षं जे हातानं केलं होतं त्याला त्यांच्यापाशी शब्द नव्हते. शेवटी तीच म्हणाली, "असू द्या सर. आजीनं बघितला न्हवं?" आणि गेली. पुढच्या दसऱ्याला तिची टोळी कर्नाटकात गेली. त्यानंतर ती गावात आलेली मला माहीत नाही. सासर तिकडंच कुठंतरी बदललं असं म्हणायचे.

सरांनी पुन्हा पट्टी धुवायला घेतली नाही. रसूलभाईनं आपण होऊन आणखी दोन रिळं पाठवली, ती बरीच वर्षं चित्रकलेच्या खोलीत कपाटावर पडून होती. सर शिकवत राहिले, नेमानं, वेळेवर. फक्त पोराचं चित्र हातात घेतलं की आता ते लगेच परत द्यायचे.

माझी तेरला बदली झाली. सर निवृत्त झाल्याचं तिथं कळलं. मग एका नातेवाइकाच्या लग्नाला जाताना आमची गाडी कारखान्याच्या रस्त्याला थांबली. ऊस वाहणाऱ्या ट्रॅक्टरांची रांग लागलेली होती. रस्त्याच्या कडेला एका ट्रॉलीच्या मागच्या पत्र्याच्या फाळक्यापुढं, उलट्या ठेवलेल्या डब्यावर बसून सर रंगानं मालकाचं नाव घालत होते. वेळ जावा म्हणून जरा बसतो, असं म्हणाले. शांताबाईंचे गुडघे धरलेत म्हणाले. थोरला पुण्याला कंपनीत आहे. माझ्याकडं बघायला त्यांना मान बरीच वळवावी लागली. एका डोळ्यानं कमी दिसत असावं.

मी म्हटलं, "सर, आता व्हिडिओ आलाय. कॅमेरे भाड्यानं मिळतात. ते तुमचं परत करता येईल."

"कुणासाठी?" त्यांनी विचारलं. चिडून नाही. खरंच विचारत होते.

तेवढ्यात ट्रॉलीचा मालक, एक तरणा पोरगा, पुढून आला. त्यानं नाव वाचून बघितलं, खूश झाला. "मास्तर, शेजारी येक घोडा काढा की. पळता. सगळे म्हणत्यात तुम्ही लई भारी काढता."

"चित्र न्हाय काढत मी," सर म्हणाले. "अक्षरं काढून देतो."

पोरगा थोडा वेळ घुटमळला आणि ट्रॅक्टरवर जाऊन बसला. पुढची गाडी सरकली होती. सरांनी शेवटच्या अक्षराची काना-मात्रा पुरी केली, फडक्याला ब्रश पुसला आणि हातानं खूण केली. ट्रॅक्टर निघाला. रंग अजून ओला होता, आणि पुढच्या गाड्यांनी उडवलेली धूळ त्याच्यावर बसत चालली होती. सर डबा उचलून मागच्या ट्रॉलीकडं गेले.